ढेकूळ डोक्यावर घेतलं तेव्हा

इथले अनुभव वाचून मी आजवर फक्त हसत आलेय. खाली कमेंटमध्ये टर उडवणाऱ्यांत मीही असायची, जुन्या मंडळींना आठवत असेल. सोलापुरात शाळेत विज्ञान शिकवते, अमावस्येला मुद्दाम नखं कापते. तेव्हा हे लिहिताना लाज वाटतेय... पण कुणाला तरी सांगितल्याशिवाय चैन पडेना.

मंद्रूपच्या पुढे, आमच्या गावाबाहेर एक माळ आहे. आमचं म्हणणं, तो आमचा. आजोबांपासून आम्ही कसतोय. सरकारचं म्हणणं, ते गायरान, आणि आम्ही त्यावर अतिक्रमण करून बसलोय. वडील गेले तरी खटला चालूच. सातबाऱ्यावर कधी आमचं नाव, कधी सरकारचं. दादाची डाळिंबाची बाग, विहीर, राहतं घर, सगळं त्याच माळावर. माळ गेला की दादा बायकापोरांसकट उघड्यावर.

गेल्या उन्हाळ्यात कोर्टाने मोजणीचा आदेश दिला. भर दुपारी मोजणीवाले आले, पोलीस आले आणि सरकारच्या बाजूने सर्कल साहेब आले, म्हणजे तलाठ्यांचे वरचे अधिकारी. शाळेला सुट्टी म्हणून मी गावीच होते. राग आमच्या घराण्यात नाकाच्या शेंड्यावर असतो, माझ्यासकट. मोजणीवाल्याने ऐन बागेत झेंडा रोवला आणि दादाने तो उपटून त्याच्याच पाठीत घातला. मग काय... पोलिसांनी दादाला लाथांनी तुडवला. मी एकाच्या मनगटाला कडकडून चावले. खोटं कशाला सांगू, बरं वाटलं.

शेवटी साहेबांनीच सगळ्यांना मागे ओढलं. दादाचं नाक फुटलं होतं. रक्त थुंकत तो ओरडला, "कागुद गेला चुलीत! माती घिऊन चालतो मी. मंग बोला!"

आमच्याकडे ही जुनी रीत. बांधाचं भांडण मिटेना, की हक्क सांगणाऱ्याने त्याच रानातलं ढेकूळ डोक्यावर घ्यायचं आणि 'ही माती माझी' म्हणत अनवाणी हद्दीवरून चालायचं. खोटं बोलणाऱ्याला माती सोडत नाही म्हणतात. आता कोणी करत नाही. दादालाही ते फक्त साहेबांचं तोंड बंद करायला हवं होतं.

दत्तूकाका, म्हणजे वडिलांचे धाकटे भाऊ, धोतर सावरत धावले. "बाळ्या, माती उचलू नगंस! तुज्या आज्यानं नांगर घातला त्येच्या आदी हितं कोन व्हतं, म्हायती हाय का?"

"कोन व्हतं?"

"मलाबी न्हाय म्हायती. म्हनून तर म्हनतोय की!"

दादाने ऐकलं नाही. वहिनी रडायला लागली, तिलाही त्याने ढकललं. नारळाएवढं ढेकूळ डोक्यावर घेतलं आणि निघाला. "ही माती माजी... ही माती माजी..." बागेचा कोपरा येईपर्यंत ठीक होतं. तिथे त्याची मान एकदम खाली गेली. दोन्ही हातांनी तो ढेकूळ काढू बघत होता, ते निघेना. गुडघ्यांवर बसला. आणि मग त्याचं तोंड जमिनीवर आपटलं. परत वर आलं, परत आपटलं. त्याच्या आसपास कोणी नव्हतं! एका दगडावर त्याचे पुढचे दात पडलेले मला दिसले. मी धावले, डोकं दोन्ही हातांत धरून वर ओढलं... हललं नाही. वरून कोणीतरी दाबत होतं. मी त्या मोकळ्या हवेला शिव्या देत होते, बुक्क्या मारत होते. मग ढेकूळ आपोआप फुटलं आणि दादा सैल पडला.

आणि साहेब हसले! त्यांच्याही डोक्यात दुपार चढली असावी. "घ्या, देवानंच निकाल दिला की. आता सरकार चालून दाखवतं." त्यांनी दुसरं ढेकूळ उचललं, डोक्यावर ठेवलं, बूट काढायचेही कष्ट घेतले नाहीत. "ही माती सरकारची," म्हणाले आणि दोन-चार पावलांतच खाली गेले. तसेच. तोंडावर. चष्म्याची काच गालात घुसली, ते लहान पोरासारखे "आई, आई" करत होते. एका पोलिसाने त्यांच्या वरच्या रिकाम्या जागेत जीव खाऊन काठी घातली. काठीचे दोन तुकडे झाले. मग जो तो वाट फुटेल तिकडे पळाला.

सोलापूरच्या दवाखान्यात दोघांना शेजारी-शेजारी कॉट मिळाल्या. दोघांच्याही मानेचे तेच मणके दबलेले. डॉक्टरांनी विचारलं, "अंगावर पोती पडली का?" मी 'हो' म्हणाले. आकडी, उन्हाचा झटका, भीतीने आलेला भ्रम, सगळं लावून पाहिलं. एकाला लागू पडतं, दोघांना पडत नाही. आणि काठीचं काय?

साहेबांनी बदली मागून घेतली. खटला मात्र चालूच आहे. गेल्या आठवड्यात वकिलांनी कागद आणला. माळ पिढ्यान्‌पिढ्या आमचाच, असं शपथेवर लिहून द्यायचंय. नाही दिलं तर बाग गेलीच म्हणून समजा. दादाच्या मानेला अजून पट्टा आहे. त्याने पेन हातात घेतलं, परत खाली ठेवलं आणि कागद माझ्याकडे सरकवला. "सुमे, वारसात तुजंबी नाव हाय. तूच कर सही."

मी चिडले. म्हटलं, "अरे, साधी सही आहे!"

"व्हय की," दादा म्हणाला. "मंग कर."

तारीख परवा आहे. वहिनी रोज फोन करते, रडते. अशा गोष्टींवर माझा आजही विश्वास नाही... आणि मी अजून सही केलेली नाही.