तुमच्यात पाट लावतात ना?

"उभी राहा. जरा उजेडात ये."

विमा कंपनीचा साहेब बोलला आणि मी उभी राहिले. कडेवर पोर, डोक्यावर पदर. घाटकोपरच्या आमच्या खोलीत खुर्ची नव्हती, म्हणून त्याच्यासाठी शेजारून मागून आणलेली. तीही मीच आणलेली. त्याने मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. म्हैस घेताना बघतात तसं.

माझा नवरा भांडुपच्या कारखान्यात जायचा, सायकलने. आग्रा रोडवर लॉरीने उडवला. सायकल घरी आली, तो आला नाही. लॉरीचा विमा होता, म्हणून साहेब आमचं नुकसान ठरवायला आला होता.

"वय लहान आहे. रूपही बरं आहे," तो कागदाकडे बघत म्हणाला. मग सासूला विचारलं, "तुमच्यात पाट लावतात ना?"

पाट म्हणजे विधवेचं दुसरं लग्न. माझी सासू मालवणकडची, सरळ बाई. कोणी विचारलं की खरं सांगायचं, एवढंच तिला ठाऊक. वर साहेबाने आमच्या रीतीची चौकशी केली याचं तिला कौतुक.

"लावतत तर! माझ्या जावेचो लावलेलो. बरो संसार झालो तिचो."

साहेबाने लिहून घेतलं. मग समजावलं, अगदी गोड आवाजात. "आमच्याकडे बाई एकदा विधवा होऊन बसली की बसली. तिचं नुकसान जन्माचं. तुमचं तसं नाही. दुसरा करणारा मिळाला की भरून निघतं."

चहाला त्याने हात लावला नाही. आणि मी काय केलं? मान डोलावली! मला वाटलं, साहेब शिकलेला, माझं दुःख किती टिकणार हे त्याला माझ्यापेक्षा जास्त कळत असेल. अशी मी अक्कलवान.

तो गेल्यावर मी खुर्ची परत करून आले. कोपऱ्यातल्या सायकलची घंटी वाजवली. रोज वाजवायचे. पुढचं चाक दुमडलेलं, पण घंटी धड. शेजारीण ओरडायची, "अगं, पुरे कर ना आता!" मग मी घंटीला पदर गुंडाळून वाजवायचे. आवाज यायचा नाही. बरं वाटायचं.

साहेबाने थोडकीच रक्कम धरली, म्हणून प्रकरण कोर्टात गेलं. आमचा वकील सासूवर भडकला. "खरं बोलून वाट लावलीत तुम्ही!" मग मला पढवलं. "कोर्टात वाईट दिसायचं. फाटकं लुगडं नेसायचं. विचारलं तर सांगायचं, आमच्या घराण्यात पाट चालत नाही, मी कधीही लग्न करणार नाही."

मी तयारीला लागले. गालाला काजळी फासून पाहिली. लंगडत चालायचा सराव केला. एकदा उजवा पाय लंगडा, एकदा डावा. पोर हसायला लागली. नवरा मेलेला आणि बाई आरशापुढे कुरूप व्हायची तालीम करतेय! आज कुणी अशी दिसली तर मी तिच्या पाठीत धपाटा घालीन.

कोर्टात कंपनीचा वकील उठला. आवाज चढवला नाही. सहज विचारलं, "बाई, तुमच्या जातीत नवऱ्याचं दुःख किती दिवस पाळतात?"

मागे कोणीतरी हसलं. आमचा वकील मला खुणा करत होता, बोल, पढवलेलं बोल. सासू बाकावर हात जोडून बसलेली.

आमच्या वकिलाला मी जन्माची बसलेली हवी होते. त्यांच्या वकिलाला मी दुसऱ्याकडे गेलेली हवी होते. मेलेला माणूस कोणाच्याच बोलण्यात नव्हता.

मी लंगडायचं विसरले. ताठ उभी राहिले. पदराने तोंड पुसलं, काजळी पदराला आली.

"पाट लावीन, नाहीतर नाही लावणार. ते माझं मी बघीन. मी दुसरा केला तर पहिला उठून बसेल का? लॉरीने माणूस मारला, त्याचं बोला."

आमच्या वकिलाने कपाळाला हात लावला. निकालात आमची रक्कम कापली. कारण दिलं ते हेच, बाई तरुण आहे, तिच्या जातीत पाटाची रीत आहे.

घरी आल्यावर सासू एवढंच म्हणाली, "तोंडान खाल्लंस गो." आठवड्याभरात ती गावाला गेली. पुन्हा आली नाही, पत्र नाही. चाळीत बायका मला बघून गप्प व्हायच्या. मी बिस्किटांच्या कारखान्यात पुडे बांधायला लागले. संध्याकाळी आले की खोलीत पोर, मी आणि ती सायकल.

स्थळं आली. एक मुलुंडचा तर चांगला होता, हसरा. मी पाट लावला नाही. नात विचारते, "आजी, मनात आलं होतं का गं?" मी म्हणते, "आलं असेल, तुला काय करायचंय?" मनात काय होतं, ते मी कोर्टाला सांगितलं नाही. नातीलाही सांगणार नाही. तुम्हालाही नाही.

आता माझ्या घरात चार खुर्च्या आहेत. कोणीही यावं, बसावं, चहा घ्यावा. पण माझ्या माणसाची किंमत करायला जो येईल, त्याला खुर्ची मिळणार नाही. तो उभा राहील. उजेडात. बसून मी त्याला बघीन.