दिवाळीला दिलेली बाटली

वीसेक वर्षांपूर्वी आम्ही शारजात, अल मजाजला राहायचो. बिल्डिंगखालच्या ग्रोसरीत दर शुक्रवारी सकाळी तो भेटायचा. साताऱ्याकडचा गवंडी. केस पाण्यानं चापून बसवलेले, शर्टाचं गळ्यापर्यंतचं बटण लावलेलं. खरेदी ठरलेली: कोलनची, म्हणजे अंगाला लावायच्या सेंटची, बाटली आणि पेप्सीचा कॅन. बाटली तो रुमालात गुंडाळून खिशात ठेवायचा. आमच्या ऑफिसातले टायवाले घामट वासानं जीव नकोसा करायचे, आणि हा लेबर कॅम्पात राहूनही एवढा टापटीप! मला भारी कौतुक. दिवाळीला मी त्याला मुद्दाम कोलनचीच मोठी बाटली दिली. त्यानं ती दोन्ही हातांनी घेतली.

मग एका शुक्रवारी तो मला जवळच्या खाडीच्या काठी बाकावर दिसला. कोलन पेप्सीत ओतून पीत होता.

"अहो, हे काय करताय? मराल!" मी ओरडलोच.

तो जराही दचकला नाही. "शारजात दारू मिळत न्हाई, साहेब. दुबईत मिळती, म्हणून तर बायकोनं तिथली नोकरी घेऊ दिली न्हाई. लई कडक हाय ती. गावातलं दारूचं दुकान बंद करायला बायकांनी मतदान केलं, बाटली आडवी केली, तवा हीच म्होरं होती."

त्याच्या अंगाला कोलनचा वास कधीच आला नव्हता, हे मला तेव्हा कुठे आठवलं.

त्यानं रुमालानं तोंड पुसलं आणि ओशाळं हसला.

"तुमची दिवाळीची बाटली मातर झ्याक होती, साहेब. पंधरा दिवस पुरली."