बिनकडीचं दार

सांज झाली की माझे वडील, अण्णा, चपला घालून दारापाशी उभे. "घरी चल." आताशा त्यांना सकाळचं संध्याकाळी आठवत न्हाई, आणि माझा जालन्यातला चौथ्या मजल्यावरचा फ्लॅट त्यांना घर वाटतच नव्हता. समजावून समजावून माझं डोकं उठायचं. शेवटी एका रविवारी म्हटलं, होऊन जाऊ द्या एकदाचं, आणि गाडी शहागडकडं काढली.

त्यांचं घर म्हणजे हमरस्त्याच्या कडेचं, मळ्यातलं दगडी घर. निजामाच्या राज्यात आजोबांनी बांधलेलं. काळा दगड, सागवानी तुळया, वर मातीचं माळवद. वैशाखातही आत गार. गोदावरी ओलांडून येणारं माणूस उपाशी जाऊ नये म्हणून आजोबांनी जेवणाच्या खोलीला रस्त्याकडून वेगळं दार ठेवलं होतं आणि त्याला कडीच बसवली नव्हती. आई गेल्यावर अण्णांना मी जालन्याला आणलं आणि तिथं राहणारं कुणी उरलं न्हाई. आम्ही भावंडांनी ते विकलं. आता ते हॉटेल आहे. माळवद काढून स्लॅब टाकलाय, ओसरीवर टेबलं मांडलीत, आणि त्या बिनकडीच्या दारात गल्ला आहे.

अण्णा ओळखतील का, याची मला धास्ती होती. ओळखलं हो! खांबावरून हात फिरवला आणि थेट टेबलांमध्ये शिरले. कुणाच्या ताटातली भाकरी संपली की वेटरला हाक. एका ट्रकवाल्याला म्हणाले, लाजू नका, सावकाश जेवा, वाटलं तर आजची रात्र इथंच टेका. तो बिचारा हसून हो हो म्हणत राहिला. मॅनेजरनंही अडवलं न्हाई, त्याचं भलं होवो. अण्णांचा चेहरा कितीतरी दिवसांनी असा उजळला होता. मला वाटलं, जिंकलं. आता दर रविवारी आणायचं.

मंग तो ट्रकवाला हात धुऊन गल्ल्यापाशी गेला आणि पैसे देऊ लागला.

अण्णा बघत राहिले. माझ्याजवळ आले आणि खालच्या आवाजात म्हणाले, "बाई, आपल्या घरात पाव्हण्याकडून पैशे घेऊन राह्यलेत. इतके वाईट दिवस आले का आपल्यावर?"

मी त्यांचा हात धरला आणि गाडीकडं निघाले. ट्रकवाल्यासमोरून जाताना अण्णांनी उपरण्यानं तोंड झाकून घेतलं. जालना येईपर्यंत मान वर केली न्हाई.

इतर सगळं ते विसरतात, हे तेवढं विसरले न्हाईत. आता सांज झाली की मीच त्यांच्या चपला दाराशी ठेवते आणि वाट बघते. ते चपलांकडं बघतात आणि भिंतीकडं तोंड करून निजतात.