फॉर्मवरचं शून्य

आमच्या रविवारच्या पक्षीगणतीत चार माणसं. मी मराठी, बाकीचे तिघं जपानी. चौघं दर रविवारी खाडीच्या चिखलात उभी राहिली की किस्से फ्रीजमधल्या उरलेल्या डब्यांसारखे आपोआप साठतात. अर्थात, घरी सांगायला कोणी असतं तर इतके साठले नसते!

भूकंपात टोकियोजवळच्या आमच्या उरायासुची जमीन फुटून चिखल वर आला, तेव्हा बायको मानसी आमच्या लेकीला, सईला घेऊन पुण्याला गेली. मी म्हणालो, "गणपतीला येतो." मग म्हणालो, "दिवाळीला नक्की." तोयोसुच्या ऑफिसातलं प्रोजेक्ट काही संपेना. रविवारी फ्लॅट खायला उठायचा, म्हणून स्टेशनवरची पक्षीगणतीची सूचना वाचून खाडीवर गेलो.

*

आमचे म्होरके मोरिता-सान, निवृत्त शाळामास्तर. पहिल्या दिवशी मी दिसलेले पक्षी भरले, बाकीच्या जागा कोऱ्या ठेवल्या. शेवटच्या ओळीत होता चमचाचोच. चिमणीएवढा जीव, चोचीच्या टोकाला चमचा, जगात अगदी थोडे उरलेले. मास्तरांनी फॉर्म परत दिला.

"इथे शून्य लिहा."

"पण तो दिसलाच नाही!"

"कोरी जागा म्हणजे कुणी पाहिलंच नाही. शून्य म्हणजे आपण आलो होतो, वाट पाहिली, तो आला नाही."

डेटाबेसमध्ये पंधरा वर्षं मी लोकांशी हेच भांडत आलोय! आणि ते मला गमबूट घातलेल्या मास्तरांनी शिकवावं!

*

भूकंपानंतर एका रिकाम्या प्लॉटवर वाळू पसरून राहिली होती. तिथे सुरय पक्ष्यांनी अंडी घातली. अंड्यांना हात लावायला कायद्याने बंदी, त्यामुळे बांधकाम ठप्प. कंत्राटदाराने कुंपणावर बोर्ड लावला. चित्रात कमरेत वाकलेला सुरय, खाली मजकूर: 'आमच्या बाळंतपणामुळे होणाऱ्या गैरसोयीबद्दल क्षमस्व!'

सुपरमार्केटात पार्ट-टाइम करणाऱ्या सायतो-सान बाईंनी तो मोठ्याने वाचला आणि बोर्डासमोर वाकून म्हणाल्या, "छे छे, तुम्ही सावकाश उरका!" मग मीही वाकलो. आपण एकट्यानेच ताठ उभं राहणं बरं दिसेना.

*

भारतातला म्हटल्यावर सगळे वाघाचंच विचारतात. मी खरं सांगून टाकलं. तीनदा ताडोबाला गेलो, तिन्ही वेळा नुसते पंजे दिसले. आयुष्यातला पहिला वाघ पाहिला तो टोकियोच्या प्राणिसंग्रहालयात!

सगळे हसले. आमच्यातले चौथे कोंदो-सान मात्र हसले नाहीत. हे गृहस्थ नमस्काराव्यतिरिक्त वर्षभरात एक शब्द बोलले नव्हते. दुर्बीण खाली घेऊन त्यांनी गंभीरपणे विचारलं, "तिन्ही वेळा शून्य लिहिलंत ना?"

*

मोरिता-सानांच्या थर्मासला दोन कप. एकात ते स्वतः चहा घेतात, दुसरा मला देतात. एकदा मी म्हणालो, "माझ्यासाठी कशाला उगाच वजन वाहता? मी माझा कप आणीन."

"नको. तो बायकोचा आहे. दोन वर्षांपूर्वी ती गेली. कप घरी ठेवला की नुसताच दिसत राहतो."

तेव्हापासून मी त्या कपातला चहा कधी उरवत नाही.

*

रविवारी संध्याकाळी सईचा फोन ठरलेला. पहिला प्रश्न, "बाबा, चमचा आला?" मी सांगायचो, "शून्य!" ती खिदळायची. कोऱ्या जागेचं आणि शून्याचं सगळं तिला मी समजावून सांगितलं होतं. हळूहळू तिने विचारणं सोडलं. मला वाटलं, कंटाळली असेल.

ऑफिसने कॉन्ट्रॅक्ट आणखी वर्षभर वाढवायचं विचारलं, त्याच आठवड्यात मानसीने एक फोटो पाठवला. पुण्याच्या स्वयंपाकघरातलं कॅलेंडर. प्रत्येक रविवारच्या चौकोनात पेन्सिलीने काढलेलं गोल शून्य, आणि वर सईच्या अक्षरात एकच शब्द: 'बाबा'.

पुढच्या रविवारी गणती संपल्यावर आम्ही नेहमीसारखे गोल करून उभे राहिलो. मोरिता-सान एकेका पक्ष्याचं नाव वाचतात आणि ज्याने पाहिला तो आकडा सांगतो. चमचाचोचीचं नाव आलं. चौघं एका सुरात म्हणालो, "शून्य."

मग मी मोरिता-सानांना तो फोटो दाखवला. त्यांनी चष्मा वर करून एकेक चौकोन पाहिला. मोबाइल दोन्ही हातांनी परत दिला आणि म्हणाले,

"नोंद उत्तम ठेवली आहे. पण आपला फॉर्म चमचाचोचीला वाचता येत नाही हो, कुलकर्णी-सान."