शिष्टरबाई आणि सात किलो तुती

शिष्टरबाई आमच्या घरी आल्या की आधी माणसांकडे बघत नसत. ओसरीवर मी असो, माझे मिस्टर असोत की कुणी पाहुणा बसलेला असो, त्या सरळ मागच्या खोलीत जायच्या, डीप फ्रीझरचं झाकण उघडायच्या, तुतीची एक पिशवी उचलून कानाशी धरायच्या आणि हलवायच्या. आतून खडखड आवाज आला की पिशवी जागेवर, झाकण बंद, आणि मग बाहेर येऊन "हां, काय चाललंय सुनंदा?" माझी चौकशी दुसऱ्या नंबरावर. तीन वर्षं मी हे सहन केलं. त्यांना जाऊन आता दीड वर्ष झालं, तरी कुणी न विचारता मागच्या खोलीकडे वळलं की माझ्या कपाळावर आठी पडते.

फ्रीझर आमचा होता हे आधीच सांगते, कारण शेवटी शेवटी मलाही त्याचा विसर पडायला लागला होता. मिस्टरांनी स्टँडवर थंड पेयांचं दुकान काढलं होतं. दोन उन्हाळ्यांत दुकान बसलं आणि फ्रीझर तेवढा घरी आला. तुतीही आमचीच. अणदूरच्या पुढे आमचं गाव; तिथे दोन एकरांत रेशमाच्या किड्यांसाठी आम्ही तुती लावली आहे. किड्यांना हवा पाला, फळाचं कुणाला काही नसतं. बांधाकडेची झाडं छाटायची राहिली की त्यांना लांबट काळी फळं लागतात, थोडी पाखरं खातात, बाकीची पायाखाली चिरडतात. शिष्टरबाई एकदा मळ्यात आल्या, एक फळ तोंडात टाकलं आणि विचारलं, औषध मारता का यावर? मी म्हटलं, मारलं तर आमचे किडे मरतील, थेंबसुद्धा मारत नाही. तेवढं बोलले आणि फसले.

त्या नर्स होत्या. तीस-बत्तीस वर्षं नोकरी केली आणि निवृत्त झाल्यावर आमच्या गल्लीत दोन खोल्या घेऊन राहिल्या. नवरा लवकर गेलेला, एकच मुलगी, ती लातूरला दिलेली. नोकरीतली बहुतेक सगळी वर्षं आरोग्य केंद्रातला लसींचा फ्रीज त्यांच्या ताब्यात होता. सकाळ-संध्याकाळ त्याचं तापमान तक्त्यावर लिहायचं, दिवाळी असो नाहीतर दसरा. एकदा डॉक्टरांनी त्यात पाण्याची बाटली गार करायला ठेवली, तर ती बाईंनी काढून डॉक्टरांच्याच टेबलावर नेऊन ठेवली. "फ्रीज म्हंजी कपाट न्हाय" हे त्यांचं ठरलेलं वाक्य. निवृत्त झाल्या आणि हातातला फ्रीज गेला. मग त्यांची नजर आमच्या फ्रीझरवर पडली.

पहिल्याच वर्षी झाकणावर तक्ता चिकटला, तक्त्याला दोरीने पेन बांधलं गेलं आणि आत एक थर्मामीटर टांगला. दिवसातून दोनदा आकडा लिहायचा, आणि तो मी. शाळेत पाचवीच्या बेचाळीस पोरांची हजेरी घेऊन घरी यावं तर इथे तुतीची हजेरी. मटाराची पिशवी ठेवायची असेल तरी विचारून ठेवायची. आईस्क्रीमचा डबा त्यांनी एकदा बाहेर काढून ठेवला, कारण तो घ्यायला म्हणून झाकण सारखं उघडलं जात होतं. संध्याकाळपर्यंत त्याचं दूध झालं. मी चिडले, तर मला म्हणाल्या की दूध पौष्टिक असतं.

माघ-फाल्गुनात फळं यायची. ती पहाटे तोडायची, धुवायची, पंख्याखाली सुकवायची, नखं कापायच्या कात्रीने एकेकाचा हिरवा देठ काढायचा आणि ताटात एकमेकांना न चिकटवता मांडून गोठवायची. घट्ट झाली की किलो-किलोच्या पिशव्यांत. सुटी गोठली असली की खडखड वाजतात, आणि वाजली म्हणजे मधे कधी वितळलेली नाहीत, हे त्यांचं शास्त्र. मग महिन्याला किलोभर काढून त्याचा जाम. टिकायची पावडर घालायची नाही, म्हणून एकदम करायचा नाही, लागेल तसा ताजा. स्वयंपाकघर अर्थात माझं. बाटल्या त्या अर्धा तास उकळायच्या, पूर्वी काचेच्या सिरिंजा उकळायच्या तशा. गोठलेली फळं थेट पातेल्यात, पाण्याचा थेंब नाही. मंद आचेवर त्यांचा त्यांनाच रस सुटला की रवीने घोटायचं, मग साखर, शेवटी लिंबू. झाला की नाही ते बघायला गार बशीवर थेंब टाकून मधून बोट फिरवायचं. रेघ मिटली नाही तर झाला. माझ्या ओट्यावरचे जांभळे डाग अजून तिथेच आहेत.

एवढा खटाटोप कशासाठी, तर गावातल्या पोटुशा बायांसाठी. नोकरीत असताना त्या लोहाच्या गोळ्या घरोघर वाटायच्या आणि चार दिवसांनी त्याच लाल गोळ्या उकिरड्यावर दिसायच्या. गोळी घेतली की मळमळतं, तोंडाला लोखंडाची चव येते, म्हणून बाया टाकून द्यायच्या. तेव्हा बाईंनी युक्ती काढली. गोळी आपल्यासमोर घ्यायला लावायची आणि लगेच चमचाभर आंबटगोड जाम द्यायचा. निवृत्तीनंतरही सकाळी आठला बाटली घेऊन त्या घरोघर निघायच्या. कुणी पोळीला लावायला जाम मागितला तर म्हणायच्या, "हे औषध हाय, पोळी तुमच्या घरी खावा."

तिसऱ्या वर्षी आमच्याच घरी एकीला दिवस गेले होते. माझी सून स्वाती, सहावा महिना. मुलगा सोलापूरला नोकरीला, शनिवारी यायचा. स्वातीचं रक्त आठाच्या पुढे सरकत नव्हतं. डॉक्टरांनी महिनाभराची मुदत दिली होती. नाही वाढलं तर इथे बाळंतपण करणार नाही, सोलापूरला न्या म्हणाले होते. आम्ही घाबरलो. शिष्टरबाई मात्र गोळी आणि जाम घेऊन रोज हजर. गोळी नियमाने चालली आहे मग रक्त का वाढत नाही, हे त्यांना कळत नव्हतं आणि त्यामुळे त्या जास्तच चिडचिड करायच्या, बहुतेक वेळा माझ्यावर.

वैशाखात त्या मोतीबिंदूच्या ऑपरेशनला मुलीकडे लातूरला गेल्या. जाताना मला बसवून सगळं सांगितलं. वीज गेली तर झाकण उघडायचं नाही, वर दोन गोधड्या टाकायच्या, आणि दिवसाच्या वर गेली तर वाट न बघता सगळ्या फळांचा जाम करून टाकायचा. मी हो हो म्हटलं. चौथ्या दिवशी वावटळ आली, शिवारातले तीन खांब आडवे झाले आणि गाव दोन दिवस अंधारात बसलं. आमचे किडे नेमके शेवटच्या अवस्थेत होते. तेव्हा ते रात्रंदिवस पाला खातात, माणसाला जेवायची सवड देत नाहीत. गोधड्यांची मला आठवण झाली तेव्हा वीज परत येऊनही एक दिवस उलटला होता.

झाकण उघडलं तर उरलेल्या सातही पिशव्यांचे दगड झालेले, तळाला जांभळा बर्फ. वितळून पुन्हा गोठल्या होत्या. खरं सांगायचं तर मला तुतीचं वाईट वाटलं नाही, बाईंच्या तोंडाची भीती वाटली. त्या उद्या येणार असा फोन आला तेव्हा मी वरवंटा घेतला आणि एकेक पिशवी फरशीवर ठोकून फोडली. हलवून बघितली, वाजत होती. मग तक्त्यासमोर बसले आणि नऊ दिवसांचे आकडे भरले. वजा अठरा, वजा सतरा, मधूनच वजा एकोणीस. रोज पोरांना खरं बोला म्हणून सांगणारी बाई मी.

दुसऱ्या दिवशी काळा चष्मा लावून त्या आल्या. पिशवी हलवली, वाजली. माझा जीव भांड्यात पडतोय तोवर त्यांनी तक्ता काढून दुसऱ्या, चांगल्या डोळ्याशी धरला.

"सुनंदा, नऊ दिवसांचं एका बसण्यात लिवलंस व्हय?"

मी आधी नाही म्हटलं. मग त्या एकसारख्या आकड्यांवरून बोट फिरवत राहिल्या तेव्हा माझाच तोल गेला. म्हटलं, तुती आहे ती शिष्टरबाई, लस नाही. उकळल्यावर त्यात काय राहणार आहे? माझ्यामागे शाळा आहे, किडे आहेत, पोटुशी सून आहे, आणि तुमच्या फळांना ताप आहे का ते मी किती वेळा बघत बसू? तीन वर्षांचं साठलेलं एका दमात बाहेर आलं.

"खायला चालंलबी," त्या म्हणाल्या. "पर मला ठाव न्हाय. अन् जे ठाव न्हाय ते पोटुशीला देत न्हाय म्या."

त्यांनी सातही पिशव्या स्वतः उचलून खताच्या खड्ड्यात रिकाम्या केल्या. त्यातली वाटीभर मिस्टरांनी आदल्या दिवशी खाल्ली होती आणि ते ठणठणीत होते. मी तेही बोलून दाखवलं, तर म्हणाल्या, ते कुठं पोटुशी हायत. मग हात धुऊन ओसरीवर बसल्या आणि मी न विचारता सांगायला लागल्या. नोकरीचं तिसरं वर्ष, भावाचं लग्न, दोन दिवस त्या न सांगता गेलेल्या.

"आल्यावर दोन्ही दिसांचं तापमान लिवून टाकलं, बरोबर बरोबर. गोवराची लस व्हती. मागनं कळलं, दोन्ही दिस लाईट नव्हती. तवर पोरांना टोचून झालं व्हतं. दोन वर्सांनी त्यातली एक पोरगी गोवरानं गेली. डॉक्टर म्हनले, लस घेऊनबी एखाद्याला निघतो. असंलबी तसं. पर लिवलेलंच खोटं, मंग म्या इचारू कुणाला?"

त्या मुलीच्या आईला सांगितलंत का, एवढंच विचारलं. कितीतरी वेळा दारापर्यंत गेले, त्या म्हणाल्या, आणि एक दिवस ती बाईही वारली.

"म्हनून सांगते. जाम का न्हाय ते स्वातीला तू सांग. आजच."

आता सासू झालेल्या बाईला हे सांगणं म्हणजे काय असतं ते सासवांनाच कळेल. आठच दिवसांपूर्वी स्वातीने माहेरी फोन केलाच नाही असं खोटं सांगितलं होतं आणि मी तिला तासभर ऐकवलं होतं. मी संध्याकाळपर्यंत टाळलं. शेवटी ती कपड्यांच्या घड्या घालत होती तिथे जाऊन उभी राहिले आणि एका श्वासात सगळं सांगितलं. वरवंटा, तक्ता, सगळं. ती हसेल असं वाटलं होतं. तिच्या डोळ्यांत पाणी आलं.

"आई, मी गोळ्या गिळतच नव्हते," ती म्हणाली. "मळमळतं म्हणून गालात धरायचे, वरून जाम खायचे आणि नंतर मोरीत थुंकायचे. शिष्टरबाई एवढ्या मायेनं आणायच्या, सांगायचा धीरच झाला नाही."

दोन महिने आम्ही देवाला नवस बोलत होतो आणि गोळ्या मोरीतून वाहत होत्या. माझ्या डोक्यात अशी तिडीक गेली. तोंड उघडलं, आणि तसंच मिटलं, कारण त्या दिवशी कुणाला बोलायची माझी सोय राहिली नव्हती. रागावता न येण्यासारखा दुसरा त्रास नाही.

बाईंना सांगू नका म्हणून स्वाती गयावया करत होती. माझ्याही मनात आलं, म्हातारं माणूस, नुकतं ऑपरेशन झालेलं, आयुष्यभराच्या युक्तीचा अभिमान, कशाला दुखवायचं? पण मघाशी ओसरीवर ऐकलेलं डोक्यातून जाईना. जेवणं झाल्यावर दोघी त्यांच्याकडे गेलो. स्वाती बोलली, मी शेजारी उभी राहिले. किती गोळ्या, बाईंनी विचारलं. सगळ्या, स्वाती म्हणाली. मग बाईंनी ती मळमळ कधी होते, उपाशीपोटी होते का, चहाच्या आधी की नंतर, असं बारीक बारीक विचारलं आणि म्हणाल्या, सकाळची बंद, आजपासून रात्री जेवल्यावर घ्यायची. रागाचा एक शब्द नाही. माझ्या वाट्याला तीन वर्षांत असा सूर कधी आला नव्हता, हेही मला तेव्हा जाणवलं.

पुढे रक्त वाढलं, बाळंतपण इथेच झालं, नात आता घरभर पळते. पण मला राहून राहून ती रात्र आठवते. जाम नव्हता. बाईंनी डब्यातून गोळी काढून स्वातीच्या हातावर ठेवली, पाण्याचा तांब्या दिला. तिने तोंड वाकडं करून गोळी घेतली, पाणी प्याली. बाईंनी बॅटरी लावली आणि ती माझ्या हातात दिली.

"माझ्या डोळ्याला अजून नीट दिसंना. सुनंदा, तू बघ."

स्वातीने तोंड उघडलं, जीभ वर केली, दोन्ही गाल बोटाने ताणून दाखवले. मी वाकून नीट बघितलं. गोळी गेली, असं मी सांगितलं. शिष्टरबाईंनी मान हलवली आणि डब्याचं झाकण लावलं.