तिप्पण्णा नावाचं पोरगं

त्या केसमधला शेवटचा जबाब मी माझ्या हातानं लिहिला होता. म्हणूनच असेल, ती घटना मला आजही जशीच्या तशी आठवते. नोकरीत खून पाहिले, दरोडे पाहिले. त्यातले निम्मे आता डोक्यात एकमेकांत मिसळून गेलेत. या केसमध्ये ना कुणी मेलं, ना कुठं चोरी झाली. तरी एका तरुण माणसाचं सगळं आयुष्य त्यात अडकलं होतं. कुणाचं नाव घेणार नाही. फक्त दोन नावं लिहावी लागतील, पण त्या घरात ती आता कुणाचीच नाहीत.

सत्तरच्या दशकातली गोष्ट. सीमेवरच्या कन्नड मुलखात, आळंद तालुक्यातल्या एका ठाण्यावर मी फौजदार म्हणून नवीन आलो होतो. मी भालकीकडचा, घरात मराठी. कन्नड परीक्षेपुरती शिकलेली. कचेरीतला कागद वाचता यायचा, पण शेतात कुणी बोलायला लागलं की मी जमादाराच्या तोंडाकडं बघायचो. म्हातारी माणसं अजून निजामाच्या सवयीनं मला 'अमीनसाब' म्हणायची.

सकाळची हजेरी झाली की टपाल फोडायचं, हा शिरस्ता. एके दिवशी टपालात शिक्षण खात्याचा हुकूम निघाला. सोबत एका निनावी अर्जाची नक्कल. अर्जात म्हटलं होतं की अमुक शाळेत लागलेला नवा मास्तर तोतया आहे. त्याच्याकडचा सातवीचा दाखला तिप्पण्णा नावाच्या मुलाचा आहे. पुढे नाव बदलल्याचं प्रतिज्ञापत्र करून त्यानं तो दाखला आपलाच म्हणून दाखवला. आमच्या गावात तिप्पण्णा नावाचं पोरगं कधी जन्मलंच नाही, खुशाल चौकशी करा. खात्याला पंधरा दिवसांत अहवाल हवा होता. अर्ज खरा निघाला, तर मास्तराची नोकरी जाणार होती आणि वर तोतयेगिरीचा गुन्हा.

मास्तराचं गाव मादन हिप्परग्याच्या पलीकडं. मी जमादाराला घेऊन गेलो. घर बौद्ध वस्तीत. पोरगा दहा-अकरा वर्षांचा असताना घरानं दीक्षा घेतलेली. वस्तीत विचारलं, गावात विचारलं, चावडीवर विचारलं. तिप्पण्णा? न्हाई बा, असं कुनी नव्हतंच. दहा जणांनी दहा वेळा तेच सांगितलं. पोलिसानं विचारावं तेवढंच सांगायचं, ही आपल्या लोकांची जुनी रीत. आणि मी तेवढंच विचारत होतो, हा माझा शहाणपणा.

मग पोलीस पाटलाकडचं जन्ममृत्यूचं बुक काढलं. मास्तराच्या वयाला जुळणारी, त्याच्या आईच्या पोटची एकच नोंद सापडली: मुलगा, नाव उकिरड्या. मास्तराची आई दारात ज्वारी निवडत होती. चौकशी कशाची ते आधी फोडायचं नाही, हा आमचा नियम. म्हणून मी नुसतंच विचारलं, "तुमचा उकिरड्या कुठंय?"

तिचा हात थांबला. सूप बाजूला ठेवून ती म्हणाली, "त्यो गेला, साहेब. लई वर्षं झाली."

मी डायरीत लिहिलं: उकिरड्या, मयत. मृत्यूची नोंद बुकात नव्हती, पण त्या काळी निम्म्या मृत्यूंची नोंद व्हायचीच नाही. माझ्या मनात गणित पक्कं झालं. बाईचा एकुलता मुलगा मेलेला, तिप्पण्णा गावात नव्हताच, मग हा मास्तर कोण? अर्जदार खराच दिसतो, असं मला वाटायला लागलं. खरं सांगायचं तर जरा आनंदच झाला. नव्या ठाण्यावर पहिलीच केस आणि आठवड्यात सुटली.

दुसऱ्या दिवशी मास्तराला बोलावला. बावीस-तेवीसचं पोरगं, धुतलेला पांढरा शर्ट, दाखले वर्तमानपत्रात गुंडाळलेले. सगळ्या प्रश्नांची उत्तरं नीट दिली. तिप्पण्णा मीच, शाळेत तेच नाव होतं, म्हणाला. उकिरड्याचं नाव मी हातचं राखून ठेवलं होतं. त्याच्या तोंडून येऊ दे म्हणून विचारलं, शाळेत घालायच्या आधी घरी तुला काय म्हणायचे?

पोरगा तेवढं सांगेना. फिरवून विचारलं, दरडावून विचारलं, चहा पाजून विचारलं. शेवटी मी टेबलावर हात आपटला आणि म्हणालो की आता आत बसवतो.

तो शांतपणे म्हणाला, "बसवा साहेब. आईला शब्द दिलाय, ते नाव परत तोंडात येनार न्हाई. नोकरी गेली तर रोजानं जातो."

माझा पारा चढला. गुन्हेगार गप्प बसतो तो भीतीपोटी. याच्या चेहऱ्यावर भीती नव्हती, आणि मला तेच उर्मटपणाचं वाटलं. आज वाटतं, इतका खरा माणूस त्या बाकावर फार क्वचित बसला असेल. पण तेव्हा अक्कल कुठं होती! दोन दिवसांनी परत ये म्हणून त्याला घालवून दिला आणि अहवालाचा मसुदा लिहायला घेतला.

मसुदा अर्धा झाला होता. बाहेर ठाण्याचं आवार झाडणारी बाई पाल्याची पाटी घेऊन उभी होती. जमादार कन्नड माणूस. त्यानं ओरडून तिला काहीतरी सांगितलं. त्यातला एकच शब्द माझ्या कानात अडकला: तिप्पे.

"जमादार, तिप्पे म्हणजे काय हो?"

"तिप्पे म्हंजे उकिरडा, साहेब. तिथं टाक म्हनलो."

मी लेखणी खाली ठेवली. तिप्पे म्हणजे उकिरडा. तिप्पण्णा म्हणजे उकिरड्या! एकाच पोराची दोन भाषांतली दोन नावं, आणि मी एकाला मारून दुसऱ्याला तोतया ठरवत बसलो होतो. मसुदा टराटरा फाडला. जमादाराला आधी काही कळेना. कळल्यावर तो बिचारा हसावं की नको म्हणून तोंड फिरवून उभा राहिला.

ज्या मास्तरांनी पोराला शाळेत घातलं होतं ते निवृत्त होऊन कडगंचीला राहत होते. त्यांनी ऐकताच मान हलवली. शाळा पलीकडच्या गावातली, कन्नड, आणि पोराचं नाव हे असलं. नाव लिहितानाच बाकीची पोरं फिदीफिदी हसायला लागली, म्हणाले. कन्नडमध्ये तिप्पण्णा चांगल्या चांगल्या घरांतली माणसं असतात, त्या नावाला कुणी हसत नाही. वर त्यात 'अण्णा' येतो, मोठा भाऊ. तसाच धोंडिबा आला तर ते कल्लप्पा लिहीत, कारण कल्लु म्हणजे दगड. "मी नाव बदललो न्हाई, साहेब," ते म्हणाले, "नावाची भाषा बदललो." केवढा शहाणा माणूस! फक्त हे त्यांनी घरी सांगितलं नव्हतं आणि पोरानंही नाही. त्यामुळं शाळेतलं नाव गावाला कधी कळलंच नाही.

आता आईचा जबाब हवा होता. मी यावेळी सगळं सांगून तिला बोलावलं. ती आली, मुलगाही आला. तो मध्ये पडायला लागला, तसं तिनं त्याला हातानं थांबवलं.

"शब्द ह्यानं दिलाय, साहेब, अन् घेतलाय मी," ती म्हणाली. "घेनाऱ्याला सोडता येतोय. लिवा."

तिनं सांगितलं ते असं. आधीची तीन लेकरं वर्षाच्या आत गेली. चौथं झालं तेव्हा सुईणीनं त्याला नेऊन उकिरड्यावर ठेवलं. शेजारणीनं टाकलेलं पोर म्हणून सुपात उचललं आणि हिनं ते पसाभर कोंडा देऊन विकत घेतलं. फेकलेलं पोर आहे, याला नेऊन काय करायचं, असं मरणाला वाटावं म्हणून नाव उकिरड्या. मरण फसलं, पोर जगलं. पण दीक्षेच्या दिवशी तिच्या मनानं घेतलं की आपलं लेकरू उकिरड्यावरचं नाही, आणि मरणाला घाबरून ठेवलेलं नाव आता पुरे. नवं नाव तिनं स्वतः निवडलं. जुनं नाव पुन्हा कधी घ्यायचं नाही, असा पोराकडून शब्द घेतला.

मी लिहीत होतो. पोलिसी सवयीनं मास्तराचं नाव लिहून पुढं 'उर्फ' लिहिलं. मास्तर आईला वाचून दाखवत होता, तो तिथं अडखळला.

तिनं विचारलं, "उर्फ चोराला लावतेत न्हवं का, साहेब?"

लावतात खरंच. फलाणा उर्फ टोपण्या, सगळं रजिस्टर त्यानंच भरलेलं. मी 'उर्फ' खोडला, बाजूला सही केली आणि लिहिलं: 'आईनं ठेवलेलं पूर्वीचं नाव'. तिनं अंगठा उमटवला. अर्ज खोटा असल्याचा अहवाल तेराव्या दिवशी गेला. अर्ज लिहिणारा त्याच जागेवर डोळा ठेवून होता असं पुढं कळलं. त्याला बोलावून चांगली समज दिली. मास्तर त्याच खात्यात मुख्याध्यापक झाले.

माझ्या एका चुलत्याचं नाव दगडू होतं. आम्ही पोरं त्याला हसायचो. आजीची किती लेकरं गेल्यावर तो जगला होता, हे मी त्या केसनंतर घरी जाऊन पहिल्यांदा विचारलं. पाच, असं उत्तर आलं. त्यानंतर कुणाच्याही विचित्र नावाला हसायची माझी हिंमत झाली नाही, आणि जबाब घेताना नाव नुसतं विचारून मी कधी पुढं गेलो नाही. कुणी ठेवलं, हेही विचारत गेलो.

त्या केसमध्ये माझ्या डायरीतली 'उकिरड्या, मयत' ही नोंद मी लाल शाईनं खोडली होती. चुकीची नोंद म्हणून वरिष्ठांची बोलणीही खाल्ली. आता इतक्या वर्षांनी वाटतं, ती खोडायची गरज नव्हती. बाई मला खरंच सांगत होती. त्यो गेला होता, आणि तिनंच त्याला निरोप दिला होता.