भर दुपारची पंगत

मालिनीकाकूंइतकी नियमाची बाई मी अमेरिकेतल्या या टूसॉनमध्ये दुसरी पाहिली नाही, आणि हे एक पुण्याची मुलगी सांगते आहे. आमच्या वसाहतीच्या कोपऱ्यावर 'रानटी प्राण्यांना खाऊ घालू नका, तो गुन्हा आहे' अशी पाटी आहे. ती काकूंनीच असोसिएशनच्या मानगुटीवर बसून लावून घेतली. शेजारच्या नीनानं एकदा कासवासाठी कलिंगडाची फोड बाहेर ठेवली, तर काकूंनी ती उचलून परत तिच्या हातात दिली आणि वर पंधरा मिनिटं बौद्धिक घेतलं. "आज टॉर्टॉइज, उद्या कायोटी, परवा माउंटन लायन. मग माझ्याकडे रडत यायचं नाही!" तेव्हापासून नीना स्वतः कलिंगड खाते तेसुद्धा पडदे ओढून.

काकू मूळच्या अकोल्याच्या. त्यांचे यजमान, अनिलकाका, इथल्या तांब्याच्या खाणीत इंजिनिअर होते. पस्तीस वर्षांपूर्वी दोघांनी डोंगराच्या पायथ्याशी हे घर घेतलं. मागचं अंगण कुंपणाशिवाय सरळ एका कोरड्या ओढ्यात उतरतं. ओढ्याला पाणी वर्षातून चार-पाच दिवस, एरवी तो डोंगरातल्या जनावरांचा हमरस्ता. तीन वर्षांपूर्वी काका गेले. मुलगी देवयानी तिकडे वर पावसाळी रेडमंडला असते आणि दर रविवारी फोनवर म्हणते, "आई, तू इकडे मूव्ह हो ना. तिथे आता तुझं आहे कोण?" काकूंचं उत्तर ठरलेलं. "तुझ्याकडे ऊन आहे का? मग मी वाळवण कुठे घालू?"

एप्रिल लागला की काकू गहू भिजत घालायच्या. चीक काढायचा, शिजवायचा, सोऱ्यातून जुन्या साड्यांवर कुरडया पाडायच्या. सोबत सांडगे, साबुदाण्याच्या पापड्या. इथलं ऊन असं की सकाळी घातलेली कुरडई दुपारी खडखडीत. "अकोल्याचं ऊन बरं म्हणावं असं हे ऊन आहे बाप्पा," काकू कौतुकानं म्हणायच्या. मग रेडमंड, फ्रीमाँट, ट्रॉय, जिथे जिथे म्हणून ओळखीचं मराठी घर असेल तिथे डबे जायचे.

मी ज्ञानदा, त्यांची भाडेकरू. युनिव्हर्सिटीत हावेलिनांवर पीएचडी करते. हावेलिना म्हणजे गुडघाभर उंचीचं, राखाडी राठ केसांचं, गळ्याभोवती पांढुरका पट्टा असलेलं जनावर. दिसतं डुकरासारखं, पण डुक्कर नाही. हे मी काकूंना शंभर वेळा सांगून पाहिलं. "तू नाव काहीही ठेव," त्या म्हणायच्या, "वास तोच आहे."

हावेलिना निवडुंग खातात, काट्यांसकट. उन्हाळ्यात दिवसभर सावलीत पडून राहतात आणि ऊन कललं की बाहेर पडतात. सगळी पुस्तकं असंच सांगतात. मी मात्र डोंगरात सात आणि पायी जाता यावं म्हणून घरामागच्या ओढ्याच्या वळणावर एक, असे आठ कॅमेरे लावले, आणि या आठव्या कॅमेऱ्यानं पुस्तकं खोटी पाडली. मे महिना, पारा एकशे चार फॅरनहाइटवर, दुपारचे बारा चाळीस, आणि अकरा हावेलिना ओळीनं ओढ्यातून निघालेल्या. आज, उद्या, परवा. दुसऱ्या वर्षीही तेच.

मी हवेत होते. वाढत्या उष्णतेपायी एका जनावरानं आपलं घड्याळच बदललं आहे, असा सिद्धांत मी मांडला. माझ्या गाईडबाई खूष. प्रबंधाचं तिसरं प्रकरण, म्हणजे खरं तर अख्खी पीएचडी, त्या एका ओळीवर उभी राहिली. बाकीच्या सात कॅमेऱ्यांत दुपारी चिटपाखरूही दिसत नव्हतं, त्याचं मी 'स्थानिक अनुकूलन' असं बारसं करून टाकलं.

समितीतल्या एका खवट प्राध्यापकांनी विचारलं, "ही जनावरं दुपारी जातात तरी कुठे?" म्हणून मी यंदा मेमध्ये नववा कॅमेरा लावला. ओढ्यातल्या आठव्यापासून साठ पावलांवर, त्यांच्या वाटेच्या दिशेला. ती वाट आमच्याच अंगणाकडे येते याचा मला अर्थबोध झाला नाही. काखेत कळसा म्हणतात तो असा. रोज सकाळी लॅबला जाण्याआधी सोऱ्या दाबायला मीच तर असायचे.

आठवड्यानं मी फोटो उघडले. बारा पस्तीसला काकू अंगणाच्या कडेला येतात. हातात परात, परातीत कुरडयांचा चुरा, मोडक्या पापड्या, जाड झालेले सांडगे. ते सगळं त्या ओळीनं मांडतात, नीट अंतर सोडून, पंगतीला वाढावं तसं. मग काकांची खुर्ची ओढून बसतात. बारा चाळीसला पाहुणे हजर. पुढच्या वीस मिनिटांच्या प्रत्येक फोटोत काकूंचं तोंड उघडं होतं. कॅमेऱ्याला आवाज नव्हता, पण बाई बोलत होती हे स्पष्ट दिसत होतं. एका फोटोत तर बोट उगारून कुणाला तरी दम देत होती.

मला आधी हसू आलं, मग रडू, आणि मग भयंकर राग आला. तीन वर्षं! मी लॅपटॉप तसाच उचलून स्वयंपाकघरात नेला.

काकूंनी चष्मा लावून सगळे फोटो पाहिले. "हा गाऊन फार जुना झालाय गं," त्या म्हणाल्या.

"काकू, तुम्ही यांना खायला घालता? तुम्ही?"

"खायला काहून घालेन? चुरा टाकते. टाकाऊ आहे तो."

"आणि पाटी?"

"पाटी लोकांसाठी आहे. लोकांना लिमिट कळत नाही." मग माझा चेहरा पाहून त्या खुर्चीवर बसल्या. "पहिल्या वर्षी चोरून खाल्लं त्यांनी. मी काठी घेऊन धावले. तुझे काका जाऊन दोन महिने झाले होते. धावता धावता लक्षात आलं, दिवसभरात तेवढंच काय ते मी तोंडानं बोलले होते."

मी सांगितलं की माझं तिसरं प्रकरण बुडालं. जनावरांचं घड्याळ उष्णतेनं नाही, कुरडयांनी बदललं.

"मग हे फोटो डिलीट कर," काकू हळूच म्हणाल्या. "मी कुणाला सांगणार नाही."

खोटं कशाला सांगू, दोन दिवस मी तो विचार केला. तिसऱ्या दिवशी लॅबमध्ये गेले तर गाईडबाईंच्या समोर काकू बसलेल्या, इस्त्रीच्या साडीत, मांडीवर तळलेल्या कुरडयांचा डबा. कबुलीजबाब देऊन झाला होता आणि गाईडबाई पुरावा खात होत्या. "लहान मुलीची डिग्री माझ्यापायी जाऊ नये," काकू मला म्हणाल्या. "फाइन असेल तर मी भरते म्हटलं. पण त्या नुसत्या खातच सुटल्या आहेत."

गाईडबाईंनी तोड काढली. प्रकरण बुडवायचं नाही, उलटं करायचं. माणसानं दिलेलं खाणं बंद केल्यावर सवय किती दिवसांत सुटते, ते मोजायचं. अट एकच, ती मी घरी येऊन काकूंना समजावली: खाणं बंद, म्हणजे अंगणात वाळवणही नाही, बाकी काहीही बदलायचं नाही. काकूंनी त्याच संध्याकाळी सोऱ्या धुऊन, पुसून, फडताळात वर ठेवून दिला.

नऊ दिवस. पहिले चार दिवस अकराच्या अकरा आल्या, हुंगून गेल्या. मग सहा, मग दोन. दहाव्या दिवशी ओढा रिकामा. तीन वर्षांची सोयरीक मंडळींनी नऊ दिवसांत विसरून दाखवली. आकडे इतके सुरेख आले की खवट प्राध्यापकही हसले म्हणे.

जुलैत मी उरलेले फोटो चाळायला घेतले. समोर काही हललं नाही तर कॅमेरा फोटो काढत नाही, म्हणजे नऊ दिवसांनंतर काही असायलाच नको होतं. पण फोटो होते. बारा पस्तीसला काकू. काकांची खुर्ची. समोर रिकामा ओढा. रोज वीस मिनिटं, उरलेला सगळा जून. तोंड मिटलेलं. मी मोजले, एकवीस दिवस.

"काकू, अहो एकशे आठ डिग्रीत तुम्ही बाहेर कशाला बसता?"

"तूच म्हणालीस ना, खाणं सोडून बाकी काही बदलायचं नाही. मी उठून गेले असते तर तुझं रिसर्च चुकलं असतं." त्यांनी पदरानं मान पुसली. "देवयानीचा फोन होता. म्हणाली, आता वाळवण पण नाही, आता ये. मी म्हटलं, ज्ञानदाचं चालू आहे, मी त्यात आहे. संपलं का गं तुझं?"

माझं संपलं होतं. प्रकरण लिहून गाईडबाईंकडे गेलेलंसुद्धा होतं.

"नाही काकू," मी म्हणाले. "अजून एक उन्हाळा तरी लागेल."

"मग ठीक आहे," त्या म्हणाल्या, आणि घड्याळ बघून बाहेर गेल्या. मी आतून दुसरी खुर्ची आणली.